कचरागाडीवरचा नायक : मात्ती पेल्लोन्पॅचा अभिनय

हेलसिंकीत अजून उजाडायचं आहे. रस्त्यांवर बर्फ साचलाय. एक टॅक्सीवाला शेवटचं भाडं घ्यायला जातो. भाडं म्हणजे तीन कामगार, तिघंही तर्र. त्यातला एक तर शुद्धीतच नाही. गाडी सुरू झाली की उरलेले दोघं सांगायला लागतात, हा आमचा मित्र आकी, याच्यासारखा दिवस वैऱ्याच्याही वाट्याला येऊ नये. नोकरी गेली. नवीकोरी गाडी ठोकली गेली. सोळा वर्षांची पोरगी गरोदर आहे. बायको घटस्फोट मागतेय.

टॅक्सीवाला ऐकून घेतो आणि म्हणतो, यापेक्षा वाईट असू शकतं. दोघं भडकतात. यापेक्षा वाईट काय असणार, सांग बघू. मग तो सांगतो. त्याच्या बायकोला दिवस पुरे व्हायच्या आत मुलगी झाली. आठवडाभरही जगणार नाही, असं डॉक्टर म्हणाले. पुढे त्रास नको म्हणून त्यानं ठरवलं की या मुलीवर प्रेमच करायचं नाही. पण मुलगी तगली. आठवडा उलटून गेला. मग नवरा-बायकोनं ठरवलं, की आता जीव लावायचा, असेल नसेल तेवढा सगळा. आणि नेमकी त्यानंतरच ती गेली.

जिम जार्मुशच्या १९९१च्या 'नाइट ऑन अर्थ' या सिनेमातला हा शेवटचा भाग. लॉस एंजेलिस, न्यूयॉर्क, पॅरिस, रोम आणि हेलसिंकी अशी पाच शहरं, पाच टॅक्सी, एकच रात्र. हेलसिंकीच्या टॅक्सीवाल्याचं नाव मिका. ते काम केलंय मात्ती पेल्लोन्पॅनं. ही गोष्ट सांगताना तो रडत नाही. आवाज चढवत नाही. शब्द घशात अडकल्याचं दाखवत नाही. गोष्टीतला सगळ्यात वाईट भाग तो पत्ता सांगावा तसा सांगतो. मागच्या सीटवरचे दोघं मात्र ढसाढसा रडतात, त्याला मिठ्या मारतात आणि आपल्या बेशुद्ध मित्रावरच वैतागतात. म्हणजे याचं दुःख काहीच नाही म्हणायचं!

मी हा भाग पहिल्यांदा पाहिला तो भर दुपारी, मोबाईलवर, निगडीच्या एका अभ्यासिकेत. आजूबाजूला एमपीएससीची पोरं मान खाली घालून बसली होती. मी तिथे का होतो, ते पुढे सांगतो. पाहून झाल्यावर पहिला विचार आला तो असा : या माणसानं नेमकं केलं काय? काहीच तर केलं नाही. मग मला असं का झालं?

या लेखात त्याच प्रश्नाचं उत्तर शोधायचा प्रयत्न आहे.

कोण हा माणूस?

फिनलंड म्हटलं की आपल्या पिढीला आधी नोकिया आठवतो. सिनेमाची थोडी आवड असेल तर आकी काउरिस्मॅकी. पेल्लोन्पॅ हा काउरिस्मॅकीच्या सिनेमांतला चेहरा. मागे चापून बसवलेले केस, झुपकेदार मिशी आणि कायम नुकताच झोपेतून उठल्यासारखे डोळे. देखणा म्हणता येणार नाही, कुरूपही नाही. बसस्टॉपवर शेजारी उभा राहिला तर लक्षात राहणार नाही असा.

जन्म २८ मार्च १९५१, हेलसिंकी. लहानपणीच तो फिनिश रेडिओच्या नाटकांत काम करायला लागला. सत्तरच्या दशकात त्यानं हेलसिंकीच्या नाट्यशाळेत रीतसर शिक्षण घेतलं. १९८१ साली मिका काउरिस्मॅकीच्या 'द लायर'मध्ये तो दिसला. त्यात मिकाचा धाकटा भाऊ आकी मुख्य भूमिकेत होता. पुढे दोन्ही भावांच्या सिनेमांत हा ठरलेलाच. आकीचा दिग्दर्शक म्हणून पहिला मोठा सिनेमा 'क्राइम अँड पनिशमेंट' (१९८३), त्यात हा नायकाचा मित्र. 'कॅलमारी युनियन' (१९८५) या अचाट सिनेमात जवळपास सगळ्याच पुरुषांचं नाव फ्रँक आहे आणि हे सगळे फ्रँक हेलसिंकीच्या काल्लिओ या कामगार वस्तीतून समुद्राकाठच्या एइरा या श्रीमंत भागाकडे जायला निघतात, जणू काही खंड ओलांडायचाय. त्या फ्रँकांपैकी एक हा.

१३ जुलै १९९५ ला वासा या गावी हृदयविकारानं तो गेला. वय ४४.

मधली जेमतेम चौदा वर्षं. एवढ्याच काळातलं बहुतेक काम आज आपल्याला पाहता येतं.

रेडिओचा मुद्दा मला महत्त्वाचा वाटतो. पेल्लोन्पॅबद्दल बोलताना सगळे त्याच्या चेहऱ्याबद्दल, त्याच्या गप्प बसण्याबद्दल बोलतात. पण हा नट घडला तो चेहरा दिसतच नाही अशा माध्यमात. रेडिओवर भुवई उडवून चालत नाही. वाक्य कुठे तोडायचं, कुठे श्वास घ्यायचा आणि कुठला शब्द मुद्दाम साधा ठेवायचा, एवढंच हातात असतं. टॅक्सीतली ती गोष्ट डोळे मिटून ऐका. फिनिशमधलं एक अक्षर कळत नसलं तरी लक्षात येतं, की त्याचा आवाज शेवटपर्यंत एकाच पट्टीत आहे, बदलतात ते फक्त विराम. ती जवळजवळ रेडिओ नाटिकाच आहे. जार्मुशनं तिच्याभोवती बर्फ आणि गाडी उभी केलीय.

निकांडरची यादी

पेल्लोन्पॅचं एकच काम पाहायचं असेल तर 'शॅडोज इन पॅरडाइज' (१९८६) पाहा. सिनेमा सव्वा तासाचा आहे. निकांडर हा कचरागाडीवर काम करणारा माणूस. सिनेमा सुरू झाल्यावर थोड्याच वेळात त्याचा वयस्क सहकारी (एस्को निक्कारी) त्याला सांगतो, की मी स्वतःची कंपनी काढतोय, तू माझ्याबरोबर चल. याला आयुष्यात पहिल्यांदाच काहीतरी पुढचं दिसतं. आणि तो सहकारी कामावरच कोसळून मरतो.

इथे नव्वद टक्के नटांनी काय केलं असतं ते आपल्याला माहीत आहे. मृतदेहाला हलवणं, नाव घेऊन हाका मारणं, आभाळाकडे पाहणं. पेल्लोन्पॅ फक्त उभा राहतो. पुढे तो दारू पितो, मारामारी करतो, पोलीस कोठडीत जागा होतो. दुःख झालं ते आपल्याला त्याच्या वागण्यातून कळतं, चेहऱ्यावरून नाही. कोठडीत त्याला मेलार्टिन (साकारी कुओस्मानेन) भेटतो, बेकार माणूस. निकांडर त्याला आपल्या इथे कामाला लावतो. यात कुठेही 'मैत्री' नावाचा सीन नाही. एकानं दुसऱ्याला काम मिळवून दिलं. पुढे या निकांडरला मुलीबरोबर बाहेर जायला पैसे नसतात, तेव्हा मेलार्टिन आपल्या लेकीचा गल्ला फोडतो.

ती मुलगी म्हणजे इलोना, सुपरमार्केटच्या काउंटरवर बसणारी. हे काम काती औतिनेनचं. निकांडरच्या हाताला लागलेलं असतं, ती त्याला पट्टी करून देते, तिथून सुरुवात. पहिल्या भेटीला तो तिला कुठे नेतो? बिंगो खेळायला. ती अर्थातच निघून जाते.

पुढे एकदा इलोना त्याला विचारते, की तुला माझ्याकडून नक्की हवंय काय. यावर निकांडर स्वतःची ओळख करून देतो. आपलं नाव सांगतो, आधी खाटकाचं काम करायचो, आता कचरा उचलतो हे सांगतो. मग तब्येतीची यादी : दात गेलेत, पोट बिघडलंय, लिव्हरचंही खरं नाही, डोक्याचं तर बोलायलाच नको. तेव्हा मला काय हवंय हे विचारण्यात अर्थ नाही.

हा माझ्या मते जगातल्या थोर प्रेमदृश्यांपैकी एक आहे. पेल्लोन्पॅ ही यादी कशी म्हणतो ते बघा. त्यात स्वतःची कीव नाही. 'बघ मी किती वाईट आहे, आता तरी प्रेम कर' अशी लाडीगोडी नाही. विनोद करतोय असंही वाटत नाही, आणि म्हणूनच हसू येतं. गाडी विकताना प्रामाणिक मेकॅनिकनं सांगावं तसं तो सांगतो : क्लच घसरतो, डावा दिवा बंद आहे, घ्यायची असेल तर घ्या. समोरच्याला फसवायचं नाही, एवढाच त्यामागचा विचार.

जाता जाता एक गंमत. 'क्राइम अँड पनिशमेंट'मध्ये नायक कत्तलखान्यात कामाला असतो आणि त्याच्या मित्राचं, म्हणजे पेल्लोन्पॅचं नावही निकांडरच असतं. तीन वर्षांनी तोच निकांडर 'आधी खाटकाचं काम करायचो' म्हणतो. दुसऱ्या कुणाच्या गोष्टीत कोपऱ्यात उभा असलेला माणूस इथे स्वतःच्या गोष्टीत आलाय. चरित्र अभिनेत्याच्या करिअरचं याहून चांगलं वर्णन मला सुचत नाही.

दिग्दर्शकाची कठपुतळी?

इथे एक आक्षेप येतो, आणि तो रास्त आहे. काउरिस्मॅकीच्या सिनेमात सगळेच असे वागतात. सगळेच सपाट बोलतात, सिगारेट ओढतात, कॅमेऱ्याच्या किंचित बाजूला बघतात. तो तालमी फारशा घेत नाही, शक्यतो पहिलाच टेक ठेवतो. फ्रेंच दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँ नटांना नट म्हणायचाच नाही, 'मॉडेल' म्हणायचा, आणि त्यांच्यातला अभिनय काढून टाकायचा. काउरिस्मॅकीवर त्याचा प्रभाव उघड आहे. मग पेल्लोन्पॅचं श्रेय ते काय? तिमो साल्मिनेननं प्रकाश पाडला, काउरिस्मॅकीनं 'काही करू नकोस' सांगितलं, त्यानं काही केलं नाही. झालं.

मलाही काही दिवस असंच वाटत होतं. पण मग त्याची कामं एकापुढे एक ठेवून पाहिली.

'लेनिनग्राड काउबॉइज गो अमेरिका' (१९८९) घ्या. सायबेरियातला एक भिकार बँड अमेरिकेत नशीब काढायला जातो. सगळ्यांचे केस पुढे शिंगासारखे, बूटही तसेच टोकदार. पेल्लोन्पॅ त्यांचा मॅनेजर व्लादिमिर. हा पक्का हुकूमशहा आहे. बँड उपाशी, आणि हा गुपचूप खातो-पितो. थंडीत गोठून मेलेल्या वादकाची शवपेटी सगळीकडे बरोबर नेतात आणि त्यात व्लादिमिरचे बिअरचे डबे गार होत असतात. चेहरा तोच. मिशी तीच. हालचाल तेवढीच कमी. पण निकांडरच्या चेहऱ्यावर जी सभ्यता वाटत होती, तीच रिकामी जागा इथे लबाडी होते. निकांडर समोरच्याकडे बघतो तेव्हा थांबून बघतो. व्लादिमिरची नजर समोरच्यावर पडते आणि लगेच पुढच्या हिशोबाकडे जाते. फरक इतकाच. पण हा फरक दिग्दर्शकाला 'काही करू नकोस' सांगून मिळत नाही, तो नटानं ठरवलेला असतो. याच सिनेमात जिम जार्मुश जुन्या गाड्या विकणाऱ्याच्या छोट्या भूमिकेत आहे. दोनच वर्षांनी त्यानं पेल्लोन्पॅला आपल्या टॅक्सीत बसवलं. जार्मुशची लय वेगळी, लेखन वेगळं. तिथेही पेल्लोन्पॅ टिकला, म्हणजे ही शैली एका दिग्दर्शकाकडून उसनी आणलेली नव्हती.

दुसरा पुरावा 'एरियल' (१९८८). नायक आहे तुरो पायाला. लॅपलंडमधली खाण बंद पडते. एक सहकारी त्याला आपल्या कॅडिलॅकच्या किल्ल्या देतो आणि आत जाऊन स्वतःला गोळी घालतो. गाडीचं छत उघडं आहे. ते बंद कसं करायचं हे नायकाला माहीत नाही. फिनलंडच्या थंडीत तो डोक्याला रुमाल गुंडाळून उघड्या गाडीतून दक्षिणेकडे येतो. पुढे तुरुंगात त्याच्या कोठडीत मिक्कोनेन भेटतो. तो पेल्लोन्पॅ. दोघं पळतात. खोट्या पासपोर्टच्या व्यवहारात मिक्कोनेनला चाकू लागतो. रक्त जात असताना तो गाडीत बसलाय आणि सहज एक बटण दाबतो. छत आपोआप वर येतं आणि बंद होतं.

अख्खा सिनेमा जे नायकाला जमलं नाही, ते याला मरता मरता जमतं. हे दृश्य करायला किती सोपं आणि बिघडवायला किती सोपं, विचार करा. नटानं जरा जरी 'हे बघा प्रतीक' असं दाखवलं असतं तर सगळं संपलं असतं. पेल्लोन्पॅ ते नवीन भाड्याच्या खोलीत पंख्याचं बटण कुठलं ते बघावं तसं करतो. मग सांगतो, की मला कचऱ्याच्या ढिगात पुरा.

चरित्र अभिनेत्याचं काम नायकाला मोठं करणं, असं आपल्याकडे समजलं जातं. नायकाचा मित्र विनोद करतो, गोळी खातो आणि मरताना लांबलचक बोलतो. मिक्कोनेनही मित्रच आहे आणि मरतोही. पण तो पडद्यावर असतो तेवढा वेळ असं वाटत राहतं, की याचाही एक वेगळा सिनेमा असेल, फक्त तो कुणी काढला नाही.

परक्या भाषेत

१९९२चा 'ला व्ही द बोएम' हा त्याच्या कारकिर्दीचा कळस मानतात. आँरी म्यूर्झेच्या एकोणिसाव्या शतकातल्या गोष्टींवर हा आधारलेला आहे. पुच्चिनीचा गाजलेला ऑपेराही त्याच गोष्टींतून आलेला. काउरिस्मॅकीनं तो पॅरिसमध्ये, कृष्णधवल आणि फ्रेंचमध्ये केला. पेल्लोन्पॅ रोडोल्फो आहे, कागदपत्रं नसलेला अल्बेनियन चित्रकार. त्याचा कुत्रा बोदलेअर. त्याला मिमी (एव्हलिन दिदी) भेटते. मग मेट्रोत पाकीट मारलं जातं, पोलीस येतात, हा देशाबाहेर हाकलला जातो.

पेल्लोन्पॅला फ्रेंच येत नव्हतं. संवाद त्यानं उच्चार पाठ करून म्हटले. आता गंमत बघा. रोडोल्फो हा परका माणूस आहे, ही भाषा त्याची नाही. त्यामुळे प्रत्येक शब्द जपून टाकणं, वाक्य पूर्ण झालं की सुटल्यासारखं थांबणं, हे सगळं भूमिकेतच बसतं. नटाची अडचण पात्राची अडचण झाली. तो मिमीशी फार सौजन्यानं बोलतो. हे सौजन्य चांगल्या घरातून आलेलं वाटत नाही. चूक झाली तर हाकलून देतील या भीतीतून ते आलंय, आणि तरीही ते खरं आहे. परक्या शहरात घरमालकाशी, बँकेत, व्हिसाच्या खिडकीवर मोजूनमापून बोलणारा कुणीही हा सूर ओळखेल. जर्मनीत मास्टर्सला गेलेले माझे दोन मित्र तिथे फोनवर असेच बोलतात.

शेवटी मिमी आजारी पडते. दवाखान्यासाठी रोडोल्फो आपली चित्रं विकतो. ती त्याला फुलं आणायला सांगते, तो आणायला जातो. परत येतो तेव्हा उशीर झालेला असतो. त्या वर्षी युरोपियन फिल्म अवॉर्ड्समध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार त्याला मिळाला. संपूर्ण युरोपात एक माणूस निवडायचा होता आणि निवडला गेला तो न येणाऱ्या भाषेत बोलणारा, मिशीवाला, नायकाचा मित्र.

गप्प बसण्याचे प्रकार

आता त्या अभ्यासिकेकडे येतो.

माझी नोकरी गेली होती. कंपनी कुठली ते महत्त्वाचं नाही. एक व्हिडिओ कॉल, दहा मिनिटं, संध्याकाळपर्यंत लॅपटॉप लॉक. माझ्याबरोबर गेलेल्या बहुतेकांनी त्याच आठवड्यात पोस्टी टाकल्या : कृतज्ञता, प्रवास, नवी सुरुवात, हात जोडलेले इमोजी. मी काहीच लिहिलं नाही. घरीही सांगितलं नाही. अकरा दिवस रोज सकाळी बॅग पाठीला लावून बाहेर पडायचो आणि अभ्यासिकेत जाऊन बसायचो. सिनेमे पाहायचो. पेल्लोन्पॅ सापडला आणि मला वाटलं, हाच आपला माणूस. बोलत नाही, दाखवत नाही. माझ्या गप्प बसण्याला मला एक पोस्टर मिळालं.

दुसऱ्यांदा 'शॅडोज इन पॅरडाइज' पाहताना लक्षात आलं, की मी साफ चुकीचं वाचत होतो. निकांडर काहीही लपवत नाही. विचारल्यावर तो सगळं सांगतो, दात, पोट, लिव्हर, पगार. टॅक्सीतला मिका विचारल्यावर सांगतो. मिक्कोनेन मरताना काय हवं ते सांगतो. पेल्लोन्पॅची माणसं दुःखाचं प्रदर्शन करत नाहीत, पण दुःख आहे हे नाकारतही नाहीत. मी नेमकं उलट करत होतो. माझ्या चेहऱ्यावर 'ऑफिसात फार काम आहे' असा उत्तम अभिनय चालू होता. अकरा दिवस मी पेल्लोन्पॅ नव्हतो, मी ओव्हरअॅक्टिंग करत होतो.

बाराव्या दिवशी वडिलांना सांगितलं. ते चिंचवडच्या एका कारखान्यात टर्नर होते, त्यांच्या उमेदीत दोनदा टाळेबंदी झाली. त्यांनी टीव्हीचा आवाज कमी केला आणि विचारलं, "पीएफ किती जमलाय?" मी आकडा सांगितला. "मग चार-पाच महिने निघतील," म्हणाले.

म्हणजे पेल्लोन्पॅ सगळ्या गप्प पुरुषांचा वकील आहे, असं मला म्हणायचं नाही. उलट 'टेक केअर ऑफ युवर स्कार्फ, तात्याना' (१९९४) हा सिनेमा अशा पुरुषांची चांगलीच टर उडवतो. रायनो (पेल्लोन्पॅ) आणि वाल्तो हे दोघं गाडी घेऊन भटकतायत. वाल्तोनं कॉफी मिळाली नाही म्हणून आईला खोलीत कोंडलंय. वाटेत दोन बायका गाडीत बसतात, एक एस्टोनियन, एक रशियन. तोवर मारामारीच्या बढाया मारणारा रायनो एकदम मुका होतो. बायका बोलायचा प्रयत्न करतात, हे दोघं वोडका आणि कॉफीत तोंड घालून बसतात. हे मुकेपण भित्रेपणाचं आहे आणि पेल्लोन्पॅ ते तसंच दाखवतो, त्याला कुठेही उदात्त करत नाही. आणि मग तात्याना त्याच्या खांद्यावर डोकं टेकवते तेव्हा त्याच्या बसण्यात जो बदल होतो, तो फोनच्या स्क्रीनवर जवळजवळ दिसत नाही. शेवटी रायनो तिच्याबरोबर एस्टोनियातच राहायचं ठरवतो.

एक गोष्ट मात्र मला खटकत राहते. या सिनेमांत दारू फार आहे, आणि ती गोड वाटते. गरिबी, सिगारेट, बाटली, जुनी रॉक अँड रोलची रेकॉर्ड, असं सगळं मिळून एक फॅशन तयार होते. पेल्लोन्पॅचे चाहते त्याच्या 'कलंदर'पणाच्या गोष्टी आवडीनं सांगतात. मला त्या गोष्टी सांगायला आवडत नाहीत. चव्वेचाळीस हे मरायचं वय नाही. आपल्याकडेही नटाच्या पिण्याचे किस्से त्याच्या कामापेक्षा जास्त टिकतात, आणि कामाकडे बघायचं राहून जातं. निकांडरची यादी ऐकताना हसू येतं, पण तो माणूस चव्वेचाळिसाव्या वर्षी गेला हे माहीत असताना ती यादी पुन्हा ऐकली की हसू अर्ध्यावर थांबतं.

भिंतीवरचा फोटो

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला फिनलंडची अर्थव्यवस्था कोसळली. कर्जावर फुगलेली तेजी संपली, शेजारचा सोव्हिएत संघ फुटल्यानं तिकडचा व्यापार गेला, बेकारी १६ टक्क्यांच्या पुढे गेली. काउरिस्मॅकीनं त्यावर 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स' लिहायला घेतला तो पेल्लोन्पॅसाठी. पेल्लोन्पॅ गेला. मग मुख्य भूमिका बदलून बाईची झाली आणि काती औतिनेननं ती केली. १९९६ साली सिनेमा आला. एका रेस्टॉरंटची हेडवेट्रेस इलोना आणि तिचा ट्रामचालक नवरा, दोघांचीही नोकरी जाते. नवऱ्याच्या ऑफिसात कुणाला काढायचं ते पत्ते ओढून ठरवतात. आमच्याकडे एक्सेल शीट होती, तेवढाच फरक.

या जोडप्याचं एक मूल गेलेलं आहे. त्याबद्दल सिनेमात कुणी बोलत नाही. फक्त घरात एका लहान मुलाचा फोटो आहे आणि इलोना त्याच्याकडे बघते. तो फोटो पेल्लोन्पॅच्या लहानपणीचा आहे.

टॅक्सीतल्या त्या माणसानं आपल्या गेलेल्या मुलीची गोष्ट सांगितली होती. पाच वर्षांनी दुसऱ्याच सिनेमात तो स्वतः कुणाचं तरी गेलेलं मूल होऊन आला. काउरिस्मॅकीनं सिनेमा त्याच्या आठवणीला अर्पण केलाय, पण श्रद्धांजलीचं भाषण केलेलं नाही. एक फोटो ठेवलाय, आणि औतिनेनला त्याच्याकडे बघायला सांगितलंय.

शेवटी एक सूचना, आपल्या सवयींबद्दल. मी सगळं दीडपट वेगानं बघतो. लेक्चर, पॉडकास्ट, सिरीज, सगळं. पेल्लोन्पॅला दीडपट वेगानं बघू नका. त्याचं काम वाक्यांमध्ये कमी आणि वाक्यांच्या मधल्या जागेत जास्त आहे. वेग वाढवला की आधी तीच जागा जाते, आणि मग खरंच वाटायला लागतं, की या माणसानं काहीच केलं नाही.